काळजादूच्या समुद्रात ताफा हरवायचा असेल तर आधी त्याची घड्याळं बिघडवा

प्रश्न थोडक्यात असा की तुमच्या कादंबरीतल्या जगात काळाची जादू आहे, खोल समुद्राचा शोध घ्यायला निघालेला ७ जहाजांचा ताफा ३०० वर्षांपूर्वी हरवलाय, तो कसा हरवला म्हणजे वाचकाला पटेल आणि आता सापडला तर कुठल्या अवस्थेत सापडेल. तुम्ही दोन पर्याय दिलेत, एक प्रचंड भोवरा आणि दुसरा जादूगाराचा शाप. मी बरीच वर्षं सर्वेच्या जहाजांवर काढलीत, समुद्राचा तळ मोजणं हेच काम, आता पोरांना नेव्हिगेशन शिकवतो आणि फॅन्टसी लहानपणापासून वाचतो, त्यामुळे उत्तर लांबणार आहे. माझं मत सरळ सांगतो, दोन्ही पर्याय सोडून द्या. भोवऱ्यात जहाज बुडतं, हरवत नाही. आणि शापाला काही हिशोब नसतो, वाचक त्यात काही शोधू शकत नाही. तुमच्याकडे काळाची जादू आहे आणि समुद्र आहे, या दोघांचं नातं खरोखरच इतकं घट्ट आहे की तुम्हाला वेगळं काही आणायची गरजच नाही.

ते नातं असं. भर समुद्रात अक्षांश काढणं तुलनेनं सोपं, दुपारचा सूर्य किंवा ध्रुवतारा किती उंच आहे ते मोजलं की झालं. रेखांश मात्र वेळेवरून काढायचा. इथे सूर्य डोक्यावर आला तेव्हा घरच्या बंदरात किती वाजले होते, हा फरक म्हणजेच तुम्ही घरापासून किती पूर्वेला किंवा पश्चिमेला आलात. पृथ्वी २४ तासांत ३६० अंश फिरते, म्हणजे १ अंशाला ४ मिनिटं, आणि विषुववृत्तावर १ अंश म्हणजे ६० सागरी मैल. घड्याळ ४ मिनिटं चुकलं की जहाज ६० मैल चुकलं. आजचा जीपीएससुद्धा आतून घड्याळच आहे, उपग्रहावरचं घड्याळ सापेक्षतेमुळे जमिनीवरच्या घड्याळापेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातं आणि ते धरलं नाही तर एका दिवसात १० किलोमीटरच्या आसपास चूक साचेल. म्हणजे काळ जागोजागी वेगळ्या वेगानं चालतो आणि त्यामुळे माणूस हरवू शकतो, ही गोष्ट आपल्या जगातही खरी आहे, फक्त मात्रा अगदी बारीक आहे. तुम्ही ती मात्रा थोडी वाढवा, बास.

१७०७ साली ब्रिटिश नौदलाचा अ‍ॅडमिरल शॉव्हेल ताफा घेऊन परत येत होता, सिली बेटांच्या खडकांवर त्याची ४ जहाजं गेली आणि हजाराहून जास्त माणसं बुडाली. रेखांश काढता न येणं हे एकच कारण नव्हतं, पण त्या धक्क्याची आठवण ताजी असतानाच १७१४ मध्ये तिथल्या पार्लमेंटनं रेखांशासाठी २०,००० पौंडांचं बक्षीस लावलं. जॉन हॅरिसन नावाच्या सुतारकाम शिकलेल्या माणसानं त्यापायी आयुष्य घालवलं आणि त्याचं एच-४ हे घड्याळ १७६१ च्या जमैका सफरीत ८१ दिवसांत जेमतेम ५ सेकंद चुकलं. इथे एक बारकावा आहे आणि तुमची सगळी गोष्ट त्याच्यावर उभी राहू शकते म्हणून नीट वाचा. हे ५ सेकंद घड्याळाचा 'रेट' धरून आहेत. रेट म्हणजे ते घड्याळ रोज किती पुढे किंवा मागे पडतं तो आकडा. जहाजावरच्या क्रोनोमीटरचे, म्हणजे समुद्रावर चालणाऱ्या अचूक घड्याळाचे, काटे कोणी उठसूट जुळवत बसत नाही, रोज ठरलेल्या वेळी चावी द्यायची आणि रेट वहीत धरून हिशोब करायचा. घड्याळ चुकतं याचं नाविकाला काही वाटत नाही, ते रोज सारखंच चुकलं पाहिजे एवढंच त्याचं मागणं असतं. म्हणून तुमची जादू काळ उलटा फिरवणारी नको, नुसती रेट बदलणारी ठेवा. त्यानं ताफा हमखास हरवेल आणि कोणाला कळणारही नाही.

आता ही जादू जहाजावर कशी दिसेल ते बघा. समजा समुद्राच्या एका पट्ट्यात काळ जरा मंद आहे, दिवसाला १ मिनिट. ताफा पश्चिमेला चाललाय. क्रोनोमीटर रोज १ मिनिट मागे पडतंय पण जहाजावरचं सगळंच तेवढं मागे पडतंय, माणसांची नाडी, दिव्याचं तेल, भाताचं आधण, त्यामुळे आतून काही जाणवणार नाही. दुपारी सूर्याचा वेध घेतला की घड्याळ घरची वेळ खरी आहे त्यापेक्षा कमी दाखवणार, म्हणजे आपण घरापासून आहोत त्यापेक्षा जवळ आहोत असं वाटणार, १ मिनिटाला १५ मैल. ४ दिवसांत ६० मैल. नकाशावर खडक अजून दीड दिवस लांब आहे म्हणून रात्री शिडं न उतरवता ताफा निवांत चाललाय आणि खडक समोर.

पण खरी गंमत पुढे आहे. त्याच जहाजावर एक जुना तांडेल आहे, तो घड्याळावर विश्वास ठेवत नाही, तो लॉगची दोरी, म्हणजे टोकाला फळी बांधलेली गाठीगाठींची दोरी, मागे पाण्यात टाकून वेग मोजतो आणि वेग गुणिले वेळ असं अंतर धरतो. २८ सेकंदांची वाळूची शिशी, तेवढ्यात दोरीच्या किती गाठी हातातून गेल्या तेवढे नॉट वेग, म्हणजे तासाला तेवढे सागरी मैल. काळ मंद झाला तर त्याची शिशीही मंद झाली, पण मग तेवढ्या वेळात दोरीही जास्त सुटली, वेग जास्त भरला आणि तास कमी भरले, गुणाकार तोच आला! आणि भोवतालचं पाणी, वारा सगळंच मंद पट्ट्यात असलं तरी जहाजाच्या घड्याळानं मोजलेला वेग आणि जहाजाच्या घड्याळानं मोजलेले तास यांचा गुणाकार बरोबरच येतो. कागदावर करून बघा. म्हणजे काळाच्या जादूत दोरी फसत नाही, घड्याळ फसतं. ताफ्यातला सगळ्यात शिकलेला माणूस, ज्याच्याकडे राज्यातलं सगळ्यात महागडं यंत्र आहे, तो चुकतोय आणि अंगठाबहाद्दर तांडेल बरोबर आहे, आणि दोघंही आपापल्या परीनं प्रामाणिक आहेत. यासाठी खलनायक लागतच नाही.

आणि तो शिकलेला अधिकारी काय करेल? तांडेलाचा आकडा आणि आपला आकडा यात रोज १५ मैलांचा फरक पडतोय म्हटल्यावर त्याला एकच अर्थ लागेल, की आपल्याला पूर्वेकडे ढकलणारा प्रवाह आहे. तसंच करतात, आम्हीही तेच केलं असतं, हिशोबातलं आणि वेधातलं अंतर प्रवाहाच्या नावावर टाकायची पद्धतच आहे. मग तो नकाशावर बाण काढणार, पूर्वेकडे प्रवाह, दिवसाला १५ मैल. तो नकाशा एखाद्या टपालाच्या बोटीनं घरी पोचला आणि पुढची शंभर वर्षं प्रत्येक जहाज त्या नसलेल्या प्रवाहाची भरपाई करत तिथे गेलं तर काय होईल ते तुम्हीच लिहा. नकाशावरची चूक किती टिकते याला खरं उदाहरण आहे, कोरल समुद्रातलं सँडी बेट. शंभर वर्षांहून जास्त काळ ते नकाशांवर होतं आणि २०१२ मध्ये ऑस्ट्रेलियाचं संशोधन जहाज तिथे गेलं तेव्हा बेट नव्हतंच, होतं ते हजार मीटरपेक्षा खोल पाणी.

तुमच्या जगात क्रोनोमीटर बसतच नसेल, म्हणजे तंत्रज्ञान त्याच्या आधीचं असेल, तर मात्र मात्रा वाढवा. तिथे वेळ म्हणजे अर्ध्या तासाची वाळूची शिशी आणि ती उलटी करणारं एखादं पोर. दुपार ते दुपार ४८ शिश्या व्हायला पाहिजेत. काळ दिवसाला १ तास मंद असला तर ४६च होतील, आणि जहाजावर कोणाच्याही मनात जादू येणार नाही, सगळे म्हणतील पोरगं झोपलं. दुसऱ्या दिवशी परत ४६. पोराला फटके. तिसऱ्या दिवशी त्याच्याजवळ सारंग स्वतः बसला रात्रभर, तरी ४६. हे मी तुमच्या जागी असतो तर पहिल्या प्रकरणातच घेतलं असतं. आणि मोजमाप आपलं वापरा ना, घटिका-पळ. ६० घटिकांचा दिवस म्हणजे १ घटिका २४ मिनिटांची, तिला ६ अंश, आणि १ पळ म्हणजे २४ सेकंद, त्याला विषुववृत्तावर बरोबर ६ सागरी मैल. इतका सुटसुटीत हिशोब तास-मिनिटांत नाही. लग्नात ठेवायचे ते घटिकापात्र मात्र जहाजावर चालणार नाही, लाटांनी पाणी हिंदकळतं आणि भांडं वेळेआधी बुडतं, लंबकाची घड्याळंही समुद्रावर याच हलण्यामुळे निकामी ठरली होती. पण बंदरातल्या देवळात एक मोठं घटिकापात्र, ताफा निघताना त्याच्यावरून सगळ्या शिश्या जुळवून घेतल्या, हे सुंदर दिसेल.

ताफा ७ जहाजांचा आहे याचाही फायदा घ्या. मोहिमेवरची जहाजं एकमेकांच्या नजरेत असली की घड्याळं ताडून बघायची पद्धत होती, ठरलेल्या क्षणी मुख्य जहाजावरचा बावटा खाली यायचा आणि प्रत्येक जहाजावर कोणीतरी त्या क्षणाची वेळ वहीत टिपायचा. बीगल हे ब्रिटिश सर्वे जहाज १८३१ मध्ये निघालं तेव्हा त्या एका जहाजावर २२ क्रोनोमीटर होते, कारण साधं आहे, एक असेल तर चुकलेलं कळत नाही, दोन असतील तर कुठलं चुकलं ते कळत नाही, तीनपासून पुढे काहीतरी ठरवता येतं. तुमचा मंद पट्टा सगळीकडे सारखा नसेल तर ७ जहाजांच्या वह्यांत ७ वेगळे आकडे येणार, कडेच्या जहाजाचं घड्याळ मुख्य जहाजाच्या पुढे, आणि कडेचंच खरं. पण ताफ्यात मुख्य जहाजाचं घड्याळ प्रमाण मानतात, कडेचा कप्तान रोज बावटा बघून आपलंच घड्याळ खोटं धरतो, आणि एक दिवस तो धरत नाही. तिथून ताफा फुटतो.

हे झालं पृष्ठभागाचं. तुमचा ताफा खोल समुद्राचा शोध घ्यायला निघालाय, आणि तिथे माझं काम येतं म्हणून जरा थांबतो.

तळ मोजायची जुनी रीत म्हणजे दोरीला वजन बांधून सोडायची. आपले मच्छीमार अजून खोली वावात सांगतात, इंग्रजांचा फॅदम म्हणजे तेच. चॅलेंजर हे जहाज १८७२ ते १८७६ जगभर फिरलं आणि त्यांनी १८७५ मध्ये मारियाना बेटांजवळ ४,४७५ फॅदम, म्हणजे ८ किलोमीटरच्या वर खोली मोजली. एवढ्या खोलीवर वजन तळाला टेकलं हे हाताला कळत नाही, दोरीचंच वजन इतकं असतं की ती सुटतच राहते. मग करायचे काय, तर दर १०० फॅदमची खूण पाण्यात शिरली की वेळ लिहायची. खाली जावं तसा दोरीचा वेग हळूहळू कमी होत जातो, पण दोन खुणांमधला वेळ एकदम वाढला की समजायचं तळ लागला. म्हणजे तळ डोळ्यानं दिसत नाही, हाताला लागत नाही, तो घड्याळात दिसतो! आता तुमच्या समुद्रात खाली काळ मंद असेल तर दोरी त्या थरात शिरताच रेंगाळणार आणि वरचा माणूस लिहिणार, तळ लागला. तळ नव्हे, काळाचा थर लागला. आणि त्याच जगात कोणाकडे आवाजाच्या प्रतिध्वनीवरून खोली काढायची विद्या असेल, आमच्या इको साउंडरसारखी, तर त्याला उलटं दिसणार. आवाज पाण्यात सेकंदाला साधारण १,५०० मीटर जातो, ६,००० मीटरवरून परत यायला ८ सेकंद लागतात, खाली काळ मंद असेल तर प्रतिध्वनी उशिरा येणार आणि खोली आहे त्यापेक्षा जास्त भरणार. एकाच जागी दोरी म्हणते उथळ, आवाज म्हणतो खोल. दोघांच्या मध्ये कुठेतरी खरा तळ. आमच्याकडेही आवाजाचा वेग थराथरांत बदलतो म्हणून सर्वे सुरू करायच्या आधी पाण्याचं तापमान, खारटपणा मोजून घेतल्याशिवाय एकही आकडा धरत नाहीत, म्हणून हे सगळं मला फार ओळखीचं वाटतं.

आता तुमच्या ३०० वर्षांचं बघू. पृष्ठभागावर काळ इतका मंद ठेवता येणार नाही. आत १ वर्ष आणि बाहेर ३०० असं प्रमाण धरलं तर जहाजावरच्या माणसाला अख्खी दिवसरात्र पाच मिनिटांच्या आत उलटलेली दिसेल, सूर्य डोक्यावरून धावत जाईल, मग लपवायला काही उरलंच नाही. म्हणून हे प्रमाण खोल पाण्यात ठेवा. साधारण १,००० मीटरच्या खाली सूर्याचा उजेड पोचतच नाही, तिथल्या माणसाला दिवस मोजायला काहीच नसतं. १० मीटरला १ वातावरणाचा दाब वाढतो, २,००० मीटरवर २०० पट, म्हणजे माणसं न्यायची तर बंद गोळाच लागेल. आपल्या चेन्नईच्या संस्थेनं बनवलेल्या मत्स्य-६००० या खोल पाण्यातल्या पाणबुडीचं उदाहरण घ्या, २.१ मीटर व्यासाचा टायटॅनियमचा गोळा, आत ३ माणसं, १२ तासांचं काम आणि अडचण आली तर ९६ तासांची हवा. तुमचा गोळा जादूचा असेल, पण हवेचा हिशोब असाच ठेवा. ३०० पट प्रमाणानं खालचे १२ तास म्हणजे वरचे १५० दिवस. खालचे ९६ तास म्हणजे वरची ३ वर्षं आणि वर काही महिने.

बघा काय होतं ते. खालच्यांनी ठरवलंय, दर घटिकेला दोरीला एक झटका द्यायचा, म्हणजे आम्ही ठीक आहोत. वरच्यांना पहिला झटका येतो आणि दुसरा येतो ५ दिवसांनी. २४ मिनिटं गुणिले ३०० म्हणजे बरोबर ५ दिवस. तोपर्यंत वर सगळ्यांनी त्यांना मेलेलं धरलंय, दोरी कापायची की नाही यावर भांडण झालंय, आणि तेवढ्यात झटका. मग कोणीतरी हिशोब करतं आणि ताफ्याला कळतं की खाली माणसं जिवंत आहेत, त्यांना वाटतंय अर्धा तासही झाला नाही, आणि आपण त्यांची सफर पूर्ण होईपर्यंत इथे थांबायचं तर कोठीतलं धान्य पुरणार नाही. ओढून काढा म्हणाल तर किलोमीटरभर मंद थरातून दोरी वर येणारही मंदच. अशा वेळी ताफा का परतला नाही हे वाचकाला समजावून सांगावंच लागत नाही. तो हरवला नाही, तो दोरी धरून थांबला. एकेक जहाज शिधा आणायला परत फिरलं आणि चुकलेल्या घड्याळांमुळे त्यातलं एकही परत त्या जागी पोचू शकलं नाही, अशी दोन्ही टोकं जुळतात. मला विचाराल तर कादंबरीचं हृदय हे आहे, बाकी सगळं याच्याभोवती रचा.

दिवस चुकल्याचं खरं उदाहरणही आहे. मॅगेलनच्या ५ जहाजांपैकी व्हिक्टोरिया हे एकच पृथ्वीप्रदक्षिणा करून परत आलं, १५२२ मध्ये केप व्हर्देला बोट किनाऱ्यावर पाठवली तेव्हा लोक म्हणाले आज गुरुवार, आणि जहाजाच्या वहीत बुधवार. त्या सफरीची हकिकत लिहिणारा पिगाफेट्टा रोज न चुकता टिपण ठेवत होता, त्याला ते पटेचना. पश्चिमेकडून प्रदक्षिणा केली की एक दिवस कमी भरतो हे तोवर कोणी अनुभवलंच नव्हतं. आणि आपल्याकडे ककुद्मी राजा आहेच, रेवतीला घेऊन ब्रह्मलोकी स्थळ विचारायला गेला, गाणं संपेपर्यंत थांबला आणि तेवढ्यात २७ चतुर्युगं उलटली, त्याच्या यादीतली सगळी स्थळं, त्यांची नातवंडंसुद्धा संपलेली. तुमच्या खालून वर आलेल्या माणसांच्या खिशात अशी एखादी यादी ठेवा, घरी काय काय आणायला सांगितलं होतं त्याची.

सापडेल कसा, या प्रश्नाला तर समुद्र स्वतःच उत्तर देतो. खोल समुद्राच्या मधोमध तळावर गाळ साचतो तो हजार वर्षांत काही मिलिमीटर. म्हणजे ३०० वर्षांपूर्वी बुडालेलं जहाज तिथे गाडलं गेलेलं नसणार, वर जेमतेम एक पापुद्रा. तुमच्या शोधपथकाला ते वीतभर गाळाखाली सापडलं तर जाणत्या माणसाच्या अंगावर काटा येईल, कारण तेवढ्या गाळाला हजारो नव्हे, लाखभराच्या आसपास वर्षं लागतात. याहून भारी म्हणजे मँगनीजचे गोळे. हिंद महासागराच्या मध्यावर ५ किलोमीटर खोल तळावर हे बटाट्यांसारखे पसरलेत, असे गोळे आपल्या गवेषणी जहाजानं १९८१ मध्ये पहिल्यांदा वर काढले आणि गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेनं त्यांच्यावर भरपूर काम केलंय. गोळा कापला की आत एकावर एक थर दिसतात आणि कधी कधी मधोमध शार्कचा दात, त्याच्याभोवती सगळं जमत गेलेलं. हा थर दहा लाख वर्षांत काही मिलिमीटर वाढतो. आता कल्पना करा की तुमच्या नायिकेच्या जाळ्यात असा एक काळा गोळा आला, तिनं तो फोडला आणि आत दात नाही, हरवलेल्या ताफ्याच्या निशाणीचा चिनी मातीचा कप आहे. ३०० वर्षांपूर्वीचा ताफा आणि दहा लाख वर्षांचा थर. म्हणजे एक जहाज काळ मंद असलेल्या पट्ट्यात नाही, तुफान वेगानं चालणाऱ्या पट्ट्यात बुडालं. एक वाक्यही समजावून न सांगता तुमच्या जादूची दुसरी बाजू उघडी पडली.

बाकी अवशेषांचं पटकन सांगतो. फार खोल पाण्यात हाडं विरघळून जातात, कमावलेलं चामडं टिकतं, टायटॅनिकच्या तळावर बुटांच्या जोड्या दिसल्या, माणसं नाही. लाकूड कुठे टिकतं तर जिथे ते खाणारे किडे नाहीत, काळ्या समुद्रात २ किलोमीटर खोल, प्राणवायू नसलेल्या पाण्यात २,४०० वर्षांपूर्वीचं जहाज डोलकाठीसकट उभं सापडलंय. आणि खोल पाणी स्वतःच जुनं असतं, उत्तर पॅसिफिकच्या तळाचं पाणी पृष्ठभागावर शेवटचं आलं त्याला हजारावर वर्षं झाली. तुमच्या जगात पाण्याला आठवण असेल तर ती इतकी जुनी ठेवा.

कागद सापडणार असेल तर फ्रँकलिनच्या मोहिमेची चिठ्ठी डोळ्यांसमोर ठेवा. १८४५ मध्ये एरेबस आणि टेरर ही दोन जहाजं १२९ माणसं घेऊन आर्क्टिकमध्ये शिरली आणि गेली ती गेलीच. १८५९ मध्ये दगडांच्या ढिगात एक छापील फॉर्म सापडला, मे १८४७ मध्ये त्यावर लिहिलं होतं की सगळं ठीक आहे, आणि त्याच कागदाच्या समासात, गोल फिरवत, एप्रिल १८४८ चं नंतरचं लिखाण, जहाजं सोडली, मोहिमेचे प्रमुख सर जॉन फ्रँकलिन ११ जून १८४७ ला वारले, आतापर्यंत २४ मेले, उद्या २६ तारखेला दक्षिणेकडे नदीच्या दिशेनं निघतोय. एकाच कागदावर दोन काळ. आणि पहिल्या मजकुरात पहिला हिवाळा कुठल्या साली काढला ते सालच चुकलंय, १८४५-४६ च्या जागी १८४६-४७. आपल्या जगात ती साधी लिहिण्यातली चूक, तुमच्या जगात तोच सगळ्यात मोठा पुरावा होऊ शकतो. त्याच मोहिमेचं एक क्रोनोमीटर, अर्नोल्ड २९४, ग्रीनिच वेधशाळेच्या वहीत एरेबसबरोबर हरवलं म्हणून नोंदलंय, आणि ते पुढे ब्रिटनमध्येच मिळालं, टेबलावर ठेवायच्या घड्याळाच्या पेटीत बसवलेलं. ते कसं तिथे आलं यावर तुम्ही अख्खा उपकथानक लिहू शकता.

शोध घेणाऱ्यांबद्दल एकच सांगतो, स्थानिक लोकांना शहाणं ठेवा. इन्युइट लोक पहिल्यापासून सांगत होते जहाज कुठे बुडालं, लंडननं ऐकलं नाही, एरेबस २०१४ मध्ये आणि टेरर २०१६ मध्ये सापडलं ते त्यांच्याच सांगण्याच्या आधारानं. फ्रान्सचा दर्यावर्दी ला पेरूज १७८८ मध्ये ऑस्ट्रेलियाहून निघाला आणि दोन्ही जहाजांसकट गायब झाला. त्याला शोधायला गेलेला ताफा १७९३ मध्ये व्हॅनिकोरो बेटाच्या जवळून, न थांबता निघून गेला, आणि जहाजं फुटली होती तिथेच. पुढे पीटर डिलन या व्यापारी कप्तानाला १८२६ मध्ये शेजारच्या टिकोपिया बेटावर एका फ्रेंच तलवारीची मूठ दिसली, तो ती घेऊन कलकत्त्याला आला, कंपनी सरकारनं त्याला रिसर्च नावाचं जहाज दिलं आणि त्यानं जागा गाठली. बेटावरच्या लोकांना सगळं माहीत होतं, वाचलेल्यांनी छोटी बोट बांधली, बहुतेक निघून गेले, दोघं मागे राहिले. विचारणारं कोणी आलं नव्हतं एवढंच. तुमच्या जगातही त्या पट्ट्याच्या कडेला कोळ्यांचं गाव असणार, आणि त्यांना माहीत असणार की अमुक खडकापलीकडे खोल पाण्यात उतरलेला बाप पोरापेक्षा तरुण होऊन परत येतो. त्यांच्याकडे त्याचे नियम असतील, कोण जायचं, किती वेळ, मागे घरात कोण राहायचं. यावर भरपूर लिहा, इथे हात आखडू नका.

शेवटी तुम्ही विचारलंत की आकडे किती धरू. पृष्ठभागावर दिवसाला १ मिनिट मंद, म्हणजे अडीच पळं, आणि ताफा त्या पट्ट्यात ४० दिवस. ४० मिनिटं म्हणजे १० अंश, विषुववृत्ताजवळ ६०० मैल. घरी पोचलेल्या शेवटच्या पत्रात ताफ्यानं लिहिलेली जागा आणि खरी जागा यात ६०० मैलांचं अंतर, आणि खरी जागा पश्चिमेला, लिहिलेल्या जागेच्या पलीकडे. ३०० वर्षं सगळे चुकीच्या पाण्यात शोधत होते. १,००० मीटरपासून काळ झपाट्यानं मंद होत जाईल आणि २,००० मीटरला ३०० पट. कपाच्या प्रसंगासाठी उलट्या वेगाचा एक छोटा खड्डा कुठेतरी ठेवा, फार मोठा नको. आधी ७ जहाजांच्या ७ वह्या तयार करा, रोजची घड्याळाची वेळ, दोरीवरचं अंतर, शिश्या, कोठीतलं धान्य, भंडारी रोज किती तांदूळ काढतो तेसुद्धा, आणि मगच पहिलं प्रकरण लिहायला घ्या. वह्या झाल्या की इथे टाका, हिशोब मी तपासून देतो.